गेमनिहाय प्रोफाइल कुठे करावं: एनव्हिडिया अ‍ॅप, अ‍ॅड्रेनालिन की रिव्हाट्यूनर?

'स्कायरिम'च्या इंजिनात वस्तूंच्या हालचालीचं गणित फ्रेम रेटला, म्हणजे सेकंदाला दिसणाऱ्या चित्रांच्या संख्येला, बांधलेलं आहे. १४४ हर्ट्झच्या मॉनिटरवर तो मोकळा सोडला, तर खोलीत पाऊल टाकताच टेबलावरच्या थाळ्या आणि टोपल्या आपोआप उडायला लागतात. ६० एफपीएसची (सेकंदाला ६० फ्रेमची) मर्यादा घातली की तोच गेम शहाण्यासारखा चालतो. पण हीच मर्यादा ग्लोबल, म्हणजे सगळ्या गेमना लागणाऱ्या, सेटिंगमध्ये लावली, तर 'काउंटर-स्ट्राइक २' खेळताना माउस जड वाटू लागतो. एकाच मशीनवर दोन्ही खेळायचे तर प्रत्येकाला स्वतःचं प्रोफाइल, म्हणजे फक्त त्याच गेमला लागणाऱ्या सेटिंगचा संच, हवाच. ते करायचं कुठे, एवढाच प्रश्न उरतो: एनव्हिडिया कार्डाच्या अ‍ॅपमध्ये, एएमडी कार्डाच्या अ‍ॅड्रेनालिनमध्ये, की कुठल्याही कार्डासोबत चालणाऱ्या रिव्हाट्यूनरमध्ये.

माझं मत आधीच सांगून टाकतो. ग्लोबल सेटिंग शक्यतो कोरं ठेवावं आणि प्रोफाइलमध्ये फक्त अपवाद घालावेत. अवजार निवडताना बघायचं ते इतकंच, की गेमगणिक तुम्हाला काय बदलायचंय: चित्र, फ्रेमचा वेग, की खुद्द ग्राफिक्स कार्डाचं क्लॉक (कामाचा वेग) आणि व्होल्टेज. ही तिन्ही कामं सारख्याच ताकदीने करणारं एकही सॉफ्टवेअर नाही.

प्रोफाइल नेमकं कशाला चिकटतं

प्रोफाइल 'लागत नाही' अशा तक्रारींचं मूळ बऱ्याचदा इथेच असतं, म्हणून सॉफ्टवेअर कुठलंही निवडलं तरी हे आधी समजून घ्या. गेम सुरू झाला की ड्रायव्हरचा, म्हणजे कार्ड चालवणाऱ्या सॉफ्टवेअरचा, एक भाग त्या गेमच्या प्रोसेसमध्ये लोड होतो, चालू असलेल्या ईएक्सई (प्रोग्राम सुरू करणाऱ्या) फाइलचं नाव बघतो आणि त्या नावाचं प्रोफाइल उचलतो. यातून दोन गोष्टी निघतात. एक म्हणजे, गेम चालू असताना केलेले बरेचसे बदल गेम बंद करून पुन्हा सुरू केल्याशिवाय दिसत नाहीत. दुसरी म्हणजे, फाइल चुकीची निवडली तर प्रोफाइल असूनही नसल्यासारखंच.

अनरिअल इंजिनवर बनलेल्या गेममध्ये हे हमखास होतं. गेमच्या मुख्य फोल्डरमध्ये त्याच्या नावाची एक छोटीशी ईएक्सई दिसते, आपण तीच निवडतो. पण ती फक्त खऱ्या गेमला हाक मारणारी फाइल असते. खरा गेम आत बायनरीज, मग विन६४ या फोल्डरमध्ये असतो आणि त्याच्या नावाच्या शेवटी बहुधा 'विन६४-शिपिंग' असं असतं. प्रोफाइल त्या फाइलला द्यायचं. लाँचर (गेम सुरू करून देणारा वेगळा प्रोग्राम) असलेल्या गेमचंही तसंच: लाँचरला दिलेलं प्रोफाइल गेमपर्यंत पोहोचत नाही. 'माइनक्राफ्ट'ची जावा आवृत्ती तर जावाच्या ईएक्सईवर चालते, म्हणजे त्या फाइलला दिलेलं प्रोफाइल तीच फाइल वापरणाऱ्या दुसऱ्या जावा प्रोग्रामलाही लागतं.

खात्री करायची सोपी रीत आहे. गेम चालू ठेवून टास्क मॅनेजर उघडा, सगळ्यात जास्त जीपीयू (ग्राफिक्स कार्डाची चिप) खाणारी ओळ शोधा, तिच्यावर राइट-क्लिक करून फाइलची जागा उघडा. जी फाइल निवडलेली दिसेल तिलाच प्रोफाइल द्यायचं.

एनव्हिडिया: चित्र आणि लेटन्सीवर पकड, क्लॉकवर नाही

एनव्हिडियाकडे जुनं कंट्रोल पॅनल आणि नवं एनव्हिडिया अ‍ॅप अशी दोन दारं आहेत. अ‍ॅप नोव्हेंबर २०२४ मध्ये बीटातून बाहेर पडलं आणि जीफोर्स एक्स्पिरियन्सच्या जागी आलं. लॉगिनची सक्ती गेली, हे फारच चांगलं झालं. ग्राफिक्स विभागात ग्लोबल आणि प्रोग्राम अशा दोन याद्या आहेत आणि बहुतेक गेम अ‍ॅप आपणहून शोधून काढतं.

प्रोफाइलमध्ये घालण्याजोग्या तीन-चारच गोष्टी आहेत. पहिली मॅक्स फ्रेम रेट. ही सोय ड्रायव्हरमध्ये जानेवारी २०२० पासून आहे आणि गेम व कार्ड यांना जोडणाऱ्या डायरेक्टएक्स १२ वरही चालते. 'स्कायरिम'चं काम एवढ्यावर भागतं. दुसरी पॉवर मॅनेजमेंट मोड. 'प्रेफर मॅक्सिमम परफॉर्मन्स' हे ग्लोबलमध्ये लावलेलं अनेकांकडे दिसतं. त्याने साधा ब्राउझर उघडा असतानाही कार्ड चढ्या क्लॉकवर राहतं आणि विनाकारण तापतं. एखादा हलका गेम क्लॉक सतत खालीवर झाल्यामुळे अडखळत असेल, तर त्याच्याच प्रोफाइलमध्ये ते लावा. तिसरी लो लेटन्सी मोड; लेटन्सी म्हणजे माउस हलवल्यापासून ते पडद्यावर दिसेपर्यंतचा उशीर. ती जुन्या डायरेक्टएक्स ११ च्या गेममध्ये उपयोगी पडते. गेममध्येच रिफ्लेक्स, म्हणजे एनव्हिडियाची लेटन्सी कमी करायची सोय, असेल तर रिफ्लेक्स चालू करा आणि हिला हात लावू नका.

चौथी गोष्ट अ‍ॅपमध्येच आहे आणि आरटीएक्स कार्ड असणाऱ्यांसाठी सगळ्यात मोलाची आहे: डीएलएसएस ओव्हरराइड. डीएलएसएस म्हणजे कमी रिझोल्यूशनचं चित्र एआयने मोठं करायचं एनव्हिडियाचं तंत्र. जानेवारी २०२५ मध्ये डीएलएसएस ४ सोबत ही ओव्हरराइडची सोय आली. एखाद्या गेममध्ये डीएलएसएसची जुनी आवृत्ती असली तरी ड्रायव्हर तिच्या जागी नवं मॉडेल चालवू शकतो. वेगात पळताना तारा, जाळ्या आणि गवत धूसर होत असेल, तर हा बदल करून तीच जागा पुन्हा पाहा, फरक डोळ्यांना दिसतो. नवं मॉडेल थोडी जास्त ताकद मागतं, आणि जुन्या पिढीच्या आरटीएक्स कार्डांवर ते जास्तच जाणवतं. म्हणून हेही सरसकट न लावता गेम बघून लावावं. ओव्हरराइड प्रत्येक गेममध्ये मिळत नाही, यादीत तो गेम असावा लागतो.

कंट्रोल पॅनलमधल्या अँटी-एलियसिंगच्या (कडा गुळगुळीत करायच्या) ओव्हरराइडवर मात्र वेळ घालवू नका. ते मुख्यतः डायरेक्टएक्स ९ च्या काळातल्या गेमसाठी आहेत. डायरेक्टएक्स १२ आणि त्यासारख्याच व्हल्कनवर गेम स्वतःच सगळं ठरवतो, ड्रायव्हरला मध्ये पडता येत नाही.

एनव्हिडियाची खरी उणीव ही, की क्लॉक, व्होल्टेज आणि पंख्याचा वेग गेमच्या प्रोफाइलमध्ये येतच नाहीत. अ‍ॅपमध्ये ऑटोमॅटिक ट्यूनिंग आहे, पण ते पूर्ण कार्डाला लागतं. आणखी एक सूचना: अ‍ॅपच्या ओव्हरलेमधले (गेमवर उघडणाऱ्या मेनूमधले) गेम फिल्टर आणि फोटो मोड वापरत नसाल तर बंद ठेवा. डिसेंबर २०२४ मध्ये ते नुसते चालू असल्यानेही काही गेमचा फ्रेम रेट घटत असल्याचं समोर आलं आणि एनव्हिडियाने ते मान्य केलं होतं.

एएमडी अ‍ॅड्रेनालिन: एका गेमला पूर्ण कार्डच वेगळं

चित्राच्या सेटिंगपासून क्लॉकपर्यंत सगळं एकाच खिडकीत ठेवलंय, हे अ‍ॅड्रेनालिनचं बलस्थान. गेमिंग विभागात गेम निवडला की त्याचं ग्राफिक्स प्रोफाइल दिसतं, आणि परफॉर्मन्समधल्या ट्यूनिंगमध्ये त्याच गेमसाठी क्लॉक, व्होल्टेज, मेमरी, पंखा आणि पॉवर लिमिट वेगळी ठेवता येते. गेम सुरू झाला की ती लागू होते आणि बंद झाला की कार्ड मूळ स्थितीत जातं.

अंडरव्होल्ट करणाऱ्यांना, म्हणजे कार्ड थंड ठेवायला व्होल्टेज कमी करणाऱ्यांना, याची किंमत नीट कळेल. एखादं व्होल्टेज जुन्या गेममध्ये तासन्‌तास टिकतं आणि रे ट्रेसिंगचा (खऱ्यासारख्या प्रकाशाचा) जड गेम लावला की काही मिनिटांत ड्रायव्हर कोसळतो. एकच ग्लोबल अंडरव्होल्ट असेल, तर सगळ्यात नाजूक गेमसाठी बाकी सगळ्यांना जास्त व्होल्टेज द्यावं लागतं. अ‍ॅड्रेनालिनमध्ये त्या एका गेमपुरतं व्होल्टेज वाढवता येतं आणि बाकीचे थंड, शांत चालत राहतात. मात्र मशीन अचानक बंद पडलं तर सॉफ्टवेअर ट्यूनिंग मूळ स्थितीला नेऊन ठेवतं. ते सुरक्षिततेसाठीच आहे, पण अशा घटनेनंतर ट्यूनिंग विभाग एकदा उघडून बघायची सवय ठेवा.

फ्रेम बांधायच्या असतील तर रेडिऑन चिल वापरा. त्यात किमान आणि कमाल असे दोन आकडे असतात आणि हालचाल नसताना ते फ्रेम खाली आणतं. दोन्ही आकडे सारखे ठेवले की ती सरळ साधी मर्यादा होते. चिल आणि लेटन्सी कमी करणारं अँटी-लॅग एकत्र चालत नाहीत, एक लावलं की दुसरं सोडावं लागतं. संथ, गोष्टीच्या गेमला चिल आणि नेमबाजीच्या गेमला अँटी-लॅग, ही वाटणी प्रोफाइलमुळेच शक्य होते.

फ्लुइड मोशन फ्रेम्स जानेवारी २०२४ मध्ये मुख्य ड्रायव्हरमध्ये आलं. गेमची साथ नसतानाही ते मधल्या फ्रेम तयार करतं. ड्रायव्हरला आकडे आणि नकाशा कुठे, पात्र कुठे हे कळत नाही, त्यामुळे स्क्रीनवरच्या मजकुराच्या कडा कधीकधी थरथरतात, आणि लेटन्सीही वाढते. गेममध्येच एफएसआर या एएमडीच्या तंत्राचं फ्रेम जनरेशन (मधल्या फ्रेम तयार करणं) असेल तर ते पहिल्यांदा वापरून पाहा. हायपर-आरएक्सचं एका क्लिकवर सगळं चालू करणारं बटण ग्लोबलमध्ये दाबलं, तर स्पर्धेच्या गेममध्येही नको त्या गोष्टी शिरतात.

ऑनलाइन खेळणाऱ्यांनी ऑक्टोबर २०२३ चा प्रसंग लक्षात ठेवावा. अँटी-लॅग प्लस हे वैशिष्ट्य गेमच्या कोडमध्ये हस्तक्षेप करत होतं आणि 'काउंटर-स्ट्राइक २' मध्ये त्यामुळे खेळाडूंवर बंदी येऊ लागली. एएमडीने ते ड्रायव्हरमधून मागे घेतलं. नवं काही आलं तर ते आधी एकट्याने खेळायच्या गेमच्या प्रोफाइलमध्ये वापरून बघावं.

इंटेल आर्कवाल्यांसाठी फार लिहिण्यासारखं नाही. आधीचं आर्क कंट्रोल जाऊन डिसेंबर २०२४ पासून, बी५८० कार्डासोबत, इंटेल ग्राफिक्स सॉफ्टवेअर आलं. फ्रेम मर्यादा, व्ही-सिंक (फ्रेम मॉनिटरच्या वेगाशी जुळवणं) आणि लो लेटन्सी एवढ्यापुरतं ते पुरेसं आहे.

आफ्टरबर्नर आणि रिव्हाट्यूनर: कुठल्याही कार्डासोबत

ही जोडी एकत्र इन्स्टॉल होते म्हणून दोघांच्या कामांची गल्लत होते. आफ्टरबर्नर क्लॉक, व्होल्टेज आणि पंखा सांभाळतं. त्यात पाच प्रोफाइल साठवता येतात आणि त्यांना कीबोर्डच्या शॉर्टकट देता येतात. डेस्कटॉपसाठी एक आणि ३डी साठी एक, एवढं ते आपोआप बदलतं. पण हा गेम आला तर हे प्रोफाइल, अशी जोडणी त्यात नाही. एनव्हिडिया कार्डावर अंडरव्होल्ट करणाऱ्यांना मात्र त्याच्या कर्व्ह एडिटरला (व्होल्टेज आणि क्लॉकचा आलेख बदलायच्या सोयीला) पर्याय सापडणं कठीण आहे.

रिव्हाट्यूनर प्रत्येक ईएक्सईला खरोखरच वेगळं प्रोफाइल देतं. फ्रेम मर्यादा, स्क्रीनवरचे आकडे, त्यांची जागा आणि आकार, सगळं गेमगणिक वेगळं ठेवता येतं. फ्रेममधलं अंतर सारखं ठेवण्यात त्याचा हात धरणारं दुसरं साधन मी वापरलेलं नाही. शिवाय उद्या कार्डाचा ब्रँड बदलला तरी मर्यादा जशाच्या तशा राहतात. अडचण एकच: ते गेमच्या प्रोसेसमध्ये शिरून काम करतं, त्यामुळे काही अँटी-चीट (खेळातली फसवणूक पकडणाऱ्या) यंत्रणा त्याला अडवतात. अशा गेममध्ये ड्रायव्हरची मर्यादा वापरा.

मग कोणी काय घ्यावं

आरटीएक्स कार्ड असेल तर चित्र आणि डीएलएसएससाठी एनव्हिडिया अ‍ॅप आणि अंडरव्होल्टसाठी आफ्टरबर्नर घ्या. गेमगणिक व्होल्टेज बदलण्याचा नाद सोडा आणि सगळ्यात जड गेममध्ये टिकेल असं एकच ठेवा. एएमडीचं रेडिऑन कार्ड असेल तर अ‍ॅड्रेनालिनच पुरे. त्याच्या जोडीला आफ्टरबर्नरमधून क्लॉक बदलू नका, दोघं एकमेकांचे आकडे पुसतात. कार्ड अजून घ्यायचं असेल आणि गेमगणिक क्लॉक बदलायची खरंच हौस असेल, तर या एका मुद्द्यावर एएमडी पुढे आहे. पण निव्वळ तेवढ्यासाठी कार्ड निवडू नका. डीएलएसएसचा फरक रोज डोळ्यांसमोर असतो, ट्यूनिंग प्रोफाइलचा क्वचितच जाणवतो.

मर्यादा एकाच ठिकाणी लावा. गेममध्ये, ड्रायव्हरमध्ये आणि रिव्हाट्यूनरमध्ये वेगवेगळे आकडे असतील तर गडबड कुठून येतेय ते शोधता शोधता संध्याकाळ जाते. गेमची स्वतःची मर्यादा नीट चालत असेल तर लेटन्सीसाठी बहुधा तीच बरी. जी-सिंक किंवा फ्रीसिंकचा, म्हणजे गेमच्या फ्रेमनुसार आपला वेग बदलणारा, १४४ हर्ट्झचा मॉनिटर असेल तर १४१ हा आकडा चांगला. रिफ्लेक्स, जी-सिंक आणि व्ही-सिंक तिन्ही चालू असतील तर ड्रायव्हर स्वतःच १३८ च्या आसपास थांबतो, तिथे वेगळी मर्यादा लागत नाही.

लॅपटॉपवाल्यांसाठी एक जादा पायरी. गेम कुठल्या जीपीयूवर चालावा हे विंडोजच्या डिस्प्ले सेटिंगमधल्या ग्राफिक्सच्या यादीत ठरवा. विंडोजमधली ही निवड ड्रायव्हरमधल्या निवडीपेक्षा वरचढ ठरते.

सगळं जमल्यावर प्रत घेऊन ठेवा, कारण ड्रायव्हरचं क्लीन इन्स्टॉल केलं की तुमची प्रोफाइल जातात. अ‍ॅड्रेनालिनमध्ये सेटिंगचा स्नॅपशॉट एक्स्पोर्ट होतो. एनव्हिडियासाठी प्रोफाइल इन्स्पेक्टर हे मोफत साधन तुम्ही बदललेली प्रोफाइल फाइलमध्ये काढून देतं. त्यातल्या बाकीच्या लपलेल्या सेटिंगना मात्र माहिती असल्याशिवाय हात लावू नका. रिव्हाट्यूनरचं सगळ्यात सोपं: त्याच्या फोल्डरमध्ये 'प्रोफाइल्स' नावाचा फोल्डर आहे, आत प्रत्येक गेमची साधी टेक्स्ट फाइल असते. तो फोल्डर कॉपी करून दुसऱ्या ड्राइव्हवर ठेवला की झालं.