रक्ताचा थेंब न घेता सांगितलेलं कोलेस्टेरॉल आणि माझे ३५,९४९ रुपये

रक्त न घेता कुणी तुम्हाला तुमचं कोलेस्टेरॉल सांगायला लागलं, तर तिथून उठा. पुढचं एक वाक्यसुद्धा ऐकून घेऊ नका. मी ऐकून घेतलं आणि ३५,९४९ रुपये गेले. पैशांचा राग आहेच. त्याहून जास्त राग आहे तो मधे वाया गेलेल्या महिन्यांचा. तेव्हा माझे खरे उपचार सुरू व्हायला हवे होते आणि मी मात्र औषध म्हणून विकलेले थेंब सकाळ-संध्याकाळ मोजून पीत होते.

विषय पापण्यांवरच्या पिवळ्या डागांचा आहे. माझ्या दोन्ही वरच्या पापण्यांवर, नाकाकडच्या कोपऱ्यात, पिवळसर, किंचित उचललेल्या मऊ चकत्या आल्या होत्या. दुखत नाहीत, खाजत नाहीत. जवळून पाहिलं तर कातडीखाली मेण पसरल्यासारखं दिसतं. डॉक्टर याला झँथेलास्मा म्हणतात. रक्तातून आलेलं कोलेस्टेरॉल गिळून फुगलेल्या पेशी त्वचेत एका जागी साठतात, त्याच या चकत्या.

रक्तवाहिन्या साफ करून देतो म्हणणाऱ्या एका केंद्राच्या जाहिरातीत अशाच पापणीचा फोटो होता, शेजारी हृदयाचं चित्र, आणि खाली लिहिलेलं की डोळ्यावर जे दिसतंय तेच हृदयात साचतंय. यावर विश्वास कसा ठेवलास, असं मला घरात सगळ्यांनी विचारून झालंय. ठेवला, कारण त्यातला अर्धा भाग खरा आहे. कोपनहेगनमध्ये १९७६ ते १९७८ या काळात तपासलेल्या १२,७४५ लोकांवर २००९ पर्यंत लक्ष ठेवलं गेलं, आणि २०११ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये तो अभ्यास छापून आला. सुरुवातीला ४.४ टक्के लोकांच्या पापण्यांवर हे डाग होते. वय, कोलेस्टेरॉल, रक्तदाब, सिगारेट हे सगळं हिशेबात धरूनही त्या लोकांत हृदयविकाराच्या झटक्याचा धोका इतरांपेक्षा १.४८ पट निघाला. त्या केंद्राच्या भिंतीवर हाच अभ्यास मोठ्या अक्षरांत चिकटवलेला होता. तो मी घरी येऊन शोधला, तो खरा निघाला, म्हणून बाकीचंही खरं असेल असं मला वाटलं. माझे वडील ५१व्या वर्षी झटक्याने गेले. अशा घरातल्या बाईला डोळ्यावर डाग दिसल्यावर तिने घाबरायचं नाही, हे सांगायला सोपं आहे.

भिंतीवर नव्हतं ते आता सांगते. हे डाग असलेल्या जवळपास निम्म्या लोकांचं कोलेस्टेरॉल नॉर्मल निघतं. डाग बघून कुणाची रक्तवाहिनी किती टक्के बंद आहे ते सांगता येत नाही, कुणालाच नाही. डाग आला की रक्त तपासायचं, रक्तदाब आणि साखर बघायची, थायरॉईड बघायचं, घरात कुणाला लवकर हृदयविकार झाला होता का ते डॉक्टरांना सांगायचं, एवढाच त्याचा अर्थ. आणि याच अभ्यासात आणखी एक गोष्ट आहे. बुबुळाच्या कडेचं करडं कडं झटक्याचा वेगळा धोका दाखवत नाही, असं त्यात निघालं. केंद्रात माझ्या शेजारी बसलेल्या म्हाताऱ्या गृहस्थांना मात्र तिथल्या लोकांनी तेच कडं आरशात दाखवून रडवेलं केलं होतं.

केंद्रातल्या तपासणीचे ४९९ रुपये. पांढरा कोट घातलेल्या मुलीने माझ्या हातात धातूची एक कांडी दिली, तिची वायर लॅपटॉपला जोडलेली. मिनिटभर घट्ट धरून ठेवा म्हणाली. स्क्रीनवर रंगीत हृदय फिरत होतं. मग प्रिंटरमधून पानंच पानं बाहेर आली: यकृत, मूत्रपिंड, हाडं, हृदय. हृदयाच्या पानावर माझं कोलेस्टेरॉल छापलेलं, दशांश चिन्हानंतर तीन आकडे, आणि खाली लाल अक्षरांत ब्लॉकेज ६२ टक्के.

हा तो क्षण. सुई टोचली नाही, बोटाला काही लावलं नाही, दंडाला पट्टासुद्धा बांधला नाही. कोलेस्टेरॉल रक्तात असतं हे मला शाळेपासून माहीत आहे. कांडी धरली तेव्हा माझा तळहात घामेजलेला होता आणि त्या मुलीने तो पुसायला टिश्यू दिला, हेसुद्धा मला स्वच्छ आठवतं. म्हणजे माझं लक्ष होतं. तरी "रक्त कुठे घेतलंत?" हा एक प्रश्न तोंडातून आला नाही. का आला नाही, ते मला आता कळतं. ६२ हा आकडा दिसला की वडील दिसले, आणि त्यानंतर माणूस प्रश्न विचारत नाही, उपाय विचारतो. या लोकांना ते पक्कं ठाऊक असतं. लाल शाई त्यासाठीच असते. ती कांडी तळहाताच्या कातडीतून जाणारा बारीक विद्युतप्रवाह फार तर मोजत असेल. त्यावरून कोलेस्टेरॉल काढता येत नाही. छापलेला कागद म्हणजे रिपोर्ट नव्हे. रिपोर्टवर लॅबचं नाव, नमुना घेतल्याची वेळ आणि सही करणाऱ्या डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक असतो. नसेल तर तो कागद फेकू नका, पुरावा म्हणून ठेवा.

पुढचं सगळं तुम्हाला माहीत असलेल्याच पद्धतीने झालं. रक्तवाहिन्या साफ करणाऱ्या थेंबांचं तीन महिन्यांचं पॅकेज २४,८०० रुपये, "आजच भरलंत तर". पापणीचं लोशन वेगळं, ६,७५० रुपये. महिन्याभराने "सफाई अडकली आहे" म्हणून बूस्टर, ३,९०० रुपये.

आणि सगळ्यात पाताळयंत्री सूचना, जी मी प्रत्येकाला सांगत सुटले आहे. म्हणाले, सफाई सुरू असताना जुनी चरबी रक्तात उतरते, त्यामुळे बाहेर तपासणी केली तर कोलेस्टेरॉल वाढलेलं दिसेल, घाबरू नका, आणि तीन महिने तपासूच नका. जो माणूस तुम्हाला दुसरीकडे तपासू देत नाही त्याच्याकडे लपवायला काहीतरी आहे. त्या एका वाक्याने त्यांनी माझ्या हातातली एकमेव खरी गोष्ट काढून घेतली.

लोशनची बाटली करंगळीएवढी. लेबलवर केंद्राचं नाव आणि एक पान, बाकी काही नाही. घटक नाहीत, बॅच नंबर नाही, तारीख नाही. काडीच्या टोकाने लावायचं. लावल्यावर डाग पांढराफटक पडला, आग झाली, दुसऱ्या दिवशी डोळा सुजून अर्धा मिटला आणि मग काळी खपली धरली. फोन केला तर म्हणाले, चांगली खूण आहे, विष बाहेर पडतंय. खपली पडल्यावर खाली पांढरा ओढलेला व्रण राहिला. डाव्या पापणीचा तो कोपरा आता ताणल्यासारखा आहे आणि व्रणाच्या कडेला पिवळं आहे तसंच आहे.

त्वचेच्या डॉक्टरांनी बघताक्षणी सांगितलं की हे ॲसिडचं भाजणं आहे. ट्रायक्लोरोॲसेटिक ॲसिड ते स्वतःही वापरतात, पण ठरलेल्या तीव्रतेचं, डोळा सांभाळून. पापणीची कातडी अंगावरच्या सगळ्या कातडीत सर्वांत पातळ असते. थेंब ओघळून बुबुळावर गेला असता तर दृष्टीवर बेतलं असतं. हे डाग काढायचे तर ॲसिड, लेझर, गोठवणं किंवा छोटी शस्त्रक्रिया असे मार्ग आहेत, आणि काढले तरी पुन्हा येऊ शकतात, हे त्यांनी आधीच स्पष्ट सांगितलं. कायमचे घालवतो म्हणणाऱ्याच्या दारात उभं राहू नका. डाग काढल्याने हृदयाला काही फायदाही होत नाही, ते फक्त दिसण्यासाठी.

त्यांनीच रक्त तपासायला लावलं. एलडीएल, म्हणजे रक्तवाहिन्यांत साचणारं वाईट कोलेस्टेरॉल, २१२. प्रौढ माणसात हा आकडा १९०च्या वर गेला की डॉक्टर आनुवंशिक कारणाचा विचार करतात. घराण्यात चालत आलेलं हे उच्च कोलेस्टेरॉल साधारण अडीचशे माणसांत एकाला असतं, आणि आई किंवा वडील यांपैकी एकाला असेल तर प्रत्येक मुलात येण्याची शक्यता निम्मी. वडिलांचं ५१वं वर्ष ऐकल्यावर डॉक्टरांनी घोट्यामागची जाड कंडरा, म्हणजे पोटरीचा स्नायू टाचेला जोडणारी दोरी, दाबून बघितली, कारण तिथेही कोलेस्टेरॉलच्या गाठी येतात. मग भावाला तपासायला सांगितलं. तोही १९८. मला स्टॅटिन, म्हणजे कोलेस्टेरॉल कमी करणारी गोळी, सुरू झाली आणि पहिल्याच फेरतपासणीत आकडा खाली आला. गोळी रोजची आहे, तिने पापणीचे डाग जातीलच असं नाही, हेही डॉक्टरांनी सांगितलं. इतकी साधी गोष्ट होती ही. थेंब पीत होते तेव्हाही एलडीएल तेवढंच असणार.

आता तक्रारीचं. पोलीस ठाण्यात सांगितलं, तुम्ही स्वखुशीने पैसे दिलेत, ही ग्राहकाची बाब आहे. बँकेत सांगितलं, तुम्ही स्वतः पिन टाकून पाठवलेत, हे फसवणुकीत बसत नाही. मग कशात बसतं? खोटं सांगून पैसे काढून घेणं फसवणूक नाही तर काय आहे? औषधांच्या खात्याने बाटली हातात घेऊन बघितली आणि म्हणाले, यावर औषध असं लिहिलेलंच नाही, तुम्ही अन्नाच्या खात्याकडे जा. अन्नाच्या खात्यात म्हणाले, थेंबांच्या बाटलीवर हृदयाचा दावा नाही, तोंडी दाव्याचं आम्ही काय करणार? डॉक्टरांची नोंदणी ठेवणाऱ्या कार्यालयात तर मी उभीच राहिले ऐकत. ते म्हणाले, तो माणूस डॉक्टर म्हणून नोंदलेला नाही, म्हणून आम्ही त्याच्यावर कारवाई करू शकत नाही. अहो, तो नोंदलेला नाही हीच तर माझी तक्रार आहे! नोंदलेला डॉक्टर चुकला तर त्याचा परवाना जाऊ शकतो, आणि परवानाच नसलेला मोकळा फिरतो. प्रत्येक टेबलावरचा माणूस मला पुढच्या टेबलाचा पत्ता देतो आणि वर विचारतो, शिकलेल्या दिसता, तुमच्या लक्षात कसं आलं नाही? ते केंद्र उघडं आहे, कांडी चालू आहे, पांढरे कोट घातलेली मुलं बसलेली आहेत, ते तुमच्या लक्षात कसं येत नाही, हे त्यांना कुणी विचारायचं?

बिलावर काय लिहिलंय ते पैसे देण्याआधी वाचा. माझ्या बिलावर "आरोग्य सल्ला व पूरक आहार" आहे. ॲसिडचा उल्लेख नाही, हृदयाचा नाही, ६२ टक्क्यांचा नाही. तोंडी सांगतात ते मेसेजवर लिहून मागा. लिहून देणार नाहीत, आणि तिथेच तुम्हाला उत्तर मिळेल. भाजल्याचे फोटो तारखेसकट काढून ठेवा, ज्या डॉक्टरांनी बघितलं त्यांच्याकडून लेखी घ्या. मी हे दोन्ही केलंय म्हणून तक्रार निदान दाखल तरी झाली.

ग्राहक तक्रारीच्या टेबलावरचे गृहस्थ शेवटी एवढं म्हणाले की एकट्या माणसाच्या तक्रारीवर वरून काही हलत नाही, आणखी लोक आले तर एकत्र घेता येईल. म्हणून हे लिहिते आहे. कांडी धरायला लावून ज्यांना असा आकडा दिला गेला, ज्यांना पापणीसाठी बिनलेबलची बाटली विकली गेली, त्यांनी रक्कम कितीही छोटी असो, लेखी तक्रार द्या आणि पोच घेतल्याशिवाय तिथून हलू नका. आणि हे वाचून होईपर्यंतही तुमचं रक्त तपासलेलं नसेल, तर तक्रारीच्या आधी ते तपासा.