अ‍ॅब्ज्युअर की अ‍ॅड्ज्युअर?

सांगलीत स्पर्धा परीक्षेला बसणाऱ्या पोरांना ही दोन इंग्रजी क्रियापदं हमखास चकवतात. दोन्हींचं मूळ लॅटिन, अर्थ शपथ घेण्याचा. पण दिशा उलटी.

अ‍ॅब्ज्युअरमध्ये शपथ स्वतःची, तीही सोडण्याची. १६३३ मध्ये रोमच्या धर्मन्यायालयापुढे गॅलिलिओने गुडघे टेकून आपलं सूर्यकेंद्री मत शपथेवर सोडलं, ते हेच. आपल्याकडे पंढरीची माळ घालून मटण-दारू सोडणारा गडीही जवळपास तेच करतो. फक्त त्याच्यावर जबरदस्ती नसते, घरच्यांची सोडली तर!

अ‍ॅड्ज्युअरमध्ये शपथ दुसऱ्याच्या गळ्यात: "गणपतीची आण हाय तुला, खरं सांग!" नुसत्या कळकळीच्या विनवणीलाही चालतं.

वाचनात अ‍ॅब्ज्युअरच जास्त भेटतं. आधी ते पक्कं करा.