कॅप्सुलोटॉमी की डीबीएस?

औषधे पूर्ण मात्रेत देऊन झाली, वर्तनोपचार झाले, तरी ओसीडी (तेच विचार आणि त्याच कृती पुन्हा पुन्हा येत राहण्याचा मानसिक आजार) हटत नाही. अशा वेळी घरच्यांपुढे मेंदूवरच्या शस्त्रक्रियेचे हे दोन पर्याय येतात, आणि लोबोटॉमीची, म्हणजे मेंदूच्या पुढच्या भागातले तंतू तोडण्याच्या जुन्या शस्त्रक्रियेची, भीतीही. ती रास्त आहे. 1935 मध्ये लिस्बनला डॉक्टर मोनिझ यांनी सुरू केलेल्या या शस्त्रक्रियेला 1949 चे नोबेल मिळाले. 1946 पासून अमेरिकेत डॉक्टर फ्रीमन डोळ्याच्या खोबणीतून टोचा घालून, नेमके काय तुटते हे न पाहता मज्जातंतू तोडत. कित्येक रुग्ण कायमचे मंदावले, काही दगावले.

कॅप्सुलोटॉमीत एमआरआयच्या आधारे मेंदूतली काही मिलिमीटरच जागा जाळतात. गॅमा नाइफने, म्हणजे बाहेरून किरण सोडून, केली तर कवटीला छिद्रही लागत नाही, पण गुण यायला महिने जातात, क्वचित सूज किंवा पाण्याची गाठ (सिस्ट) येते. जाळलेले परत येत नाही.

डीबीएसमध्ये (डीप ब्रेन स्टिम्युलेशन, मेंदूला विजेचा सौम्य प्रवाह देणे) तारा मेंदूत, बॅटरी गळपट्टीच्या हाडाखाली. प्रवाह कमी-जास्त करता येतो, बंदही. मात्र खर्च मोठा. जंतुसंसर्ग होतो, तार तुटते, बॅटरी संपली की लक्षणे उसळतात.

रुग्णालय जवळ असेल आणि बॅटरीबदलाचा खर्च झेपत असेल, तर डीबीएस. लांबच्या गावाहून वारंवार येणे अशक्य असेल, तर कॅप्सुलोटॉमी. दोन्हींना 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्यानुसार रुग्णाची स्वतःची संमती आणि मानसिक आरोग्य पुनरावलोकन मंडळाची मंजुरी हवीच; नातेवाइकांची सही पुरत नाही.