पेला हवा की बाग? फलटण–माळशिरस आणि मिरज–तासगाव–पलूस, एका दिवसाच्या दोन सहली

जुनी गावं, द्राक्षबागा आणि सोबत माहिती सांगणारा माणूस, अशी सहल म्हटली की सगळे नाशिककडे बोट दाखवतात. पण सांगली-साताऱ्याहून नाशिक एका दिवसात होत नाही. जाण्यायेण्यातच दिवस जातो. मग जवळचे दोन रस्ते उरतात. पहिला साताऱ्याहून वाठार स्टेशन, आदर्की, फलटण, नातेपुते करत माळशिरसच्या बाजूला वाइनरीपर्यंत जातो. दुसरा सांगलीतून निघून मिरज, तासगाव, पलूस, कुंडल फिरून दिवेलागणीला परत सांगलीत येतो. दोन्हींकडे इतिहास आहे आणि दोन्हींकडे द्राक्षं आहेत. तरी या दोन सहलींची जात वेगळी आहे, आणि गाइडवर पैसे घालावेत की नाही याचं उत्तर तर दोन्हींकडे अगदी उलट आहे.

आधी वाइनचं बोलू, कारण घोटाळा तिथेच होतो. नकाशावर पलूसला ‘कृष्णा व्हॅली वाइन पार्क’ दिसतो आणि पुण्या-मुंबईचे पाहुणे समजतात की इथेही नाशिकसारखं असणार: बागेच्या कडेला गच्ची, हातात पेला, समोर मावळतीचं ऊन. तसं काही नाही. राज्याचं द्राक्ष प्रक्रिया धोरण २००१ साली आलं, त्यात दोन वाइन पार्क ठरले, नाशिककडे विंचूर आणि सांगलीकडे पलूस. नाशिकला पर्यटन वाढलं, टेस्टिंग रूम झाल्या. पलूसला ती साखळी उभी राहिली नाही.

याचं एक मोठं कारण शेतकऱ्याच्या हिशेबात आहे. सांगलीची बाग खाण्याच्या द्राक्षाची. भाव पडला, व्यापारी फिरकला नाही किंवा मार्केटला माल जाईना, तर तोच माल शेडवर नेऊन बेदाणा करता येतो. शेतकऱ्याच्या हातात शेवटचा एक डाव राहतो. वाइनच्या द्राक्षाचं तसं नाही. त्याचा मणी बारीक, साल जाड, आत बी. बाजारात ते कोणी खायला घेत नाही आणि बेदाण्यालाही कामाचं नाही. वाइनरीने उचललं तर पैसे, नाही उचललं तर बांधावर टाकायचं. ज्याच्याकडे बेदाण्याचा आधार आहे त्याने हा जुगार का खेळावा? पलूसच्या रस्त्यावरून जाताना गाइडने एवढं जरी नीट सांगितलं तरी त्याचे पैसे वसूल.

म्हणजे खरोखर चाखायची असेल तर फलटणचाच रस्ता धरावा लागतो. सोलापूर जिल्ह्यात माळशिरस तालुक्यात मोटेवाडीला फ्रातेली ही वाइनरी आहे. इटलीतले सेक्की बंधू, दिल्लीकडचे सेखरी आणि अकलूजचे मोहिते-पाटील अशा तीन घराण्यांनी मिळून ती उभी केली. सान्जोव्हेझे ही इटलीच्या द्राक्षाची जात या माळरानावर लावली गेली, आणि तिचाच काबर्ने सॉव्हिन्याँ या दुसऱ्या जातीशी मेळ घालून त्यांची ‘सेत्ते’ नावाची वाइन होते. आधी नोंदणी करून गेलं की बाग, टाक्या, लाकडी पिंपं दाखवतात आणि शेवटी चाखायला देतात. न कळवता दारात जाऊन उभं राहू नका. हा हॉटेलवाल्यांचा रस्ता नाही. नकार मिळाला तर मागे फिरायला जवळ दुसरं काही नाही.

आता इतिहास. इथे फलटण कमी पडत नाही. नाईक निंबाळकरांचं गाव, सईबाईंचं माहेर. मुधोजी मनमोहन राजवाडा, राम मंदिर आणि जबरेश्वराचं कोरीव दगडी देऊळ ही तीन ठिकाणं जवळजवळ आहेत, पायी फिरता येतात. पण नुसतं पाहून फलटण कळत नाही, ते कोणीतरी सांगावं लागतं. बजाजी निंबाळकरांना विजापूर दरबारात धर्म बदलावा लागला, पुढे ते परत आले, आणि शिवरायांनी स्वतःची लेक सखूबाई त्यांच्या मुलाला, महादजीला दिली. हे माहीत असलेला माणूस राजवाड्यासमोर उभा राहतो तेव्हा त्याला वेगळंच काही दिसत असतं. शिवाय फलटणपासून पुढचा रस्ता ज्ञानोबांच्या पालखीचा. फलटण, बरड, नातेपुते, माळशिरस हे मुक्काम ज्यांना पाठ आहेत, त्यांना त्याच रस्त्याने वाइन चाखायला जायचं जरा अवघड वाटतं. मला यात काही वावगं वाटत नाही, पण घरात माळकरी मंडळी असतील तर गाडीत बसायच्या आधी बोलून घ्या. माळशिरसला पोचल्यावर नको.

सातारकर लगेच म्हणतील की वाई-मेणवली सोडून फलटण कशाला? इतिहास एवढाच हवा असेल तर त्यांचं बरोबर आहे. नाना फडणवीसांचा वाडा, घाटावरची वसईच्या मोहिमेनंतर आलेली ती भली मोठी घंटा, वाटेत लिंबची बारा मोटांची विहीर हे सगळं फलटणपेक्षा देखणं आहे. पण त्या बाजूला द्राक्ष नाही, स्ट्रॉबेरी आहे. ती वेगळी सहल.

सांगलीच्या फेरीत गावं जास्त आणि अंतरं कमी. सांगली ते मिरज जेमतेम दहा किलोमीटर, सांगली ते तासगाव पंचवीसच्या आसपास, पुढे पलूस-कुंडल लागूनच. फलटणच्या रस्त्याला एका बाजूचेच शंभरच्या वर किलोमीटर होतात. हा फरक कागदावर किरकोळ वाटतो, पण दुपारी तीन वाजता मागच्या सीटवर बसलेल्या आजींना विचारा.

मिरजेला सकाळी जावं आणि घाई करू नये. ख्वाजा मीरासाहेबांचा दर्गा, आणि त्याच आवारात उस्ताद अब्दुल करीम खाँ यांची कबर. किराणा घराण्याचे खाँसाहेब १९३७ साली गेले आणि त्यांच्या स्मरणार्थ तिथे अजून गाणं होतं. तिथून सतारमेकरांच्या गल्लीत. तंबोऱ्याचा भोपळा मिरजेत पिकत नाही, तो सोलापूर जिल्ह्यातून, पंढरपूरच्या बाजूने येतो. वाळलेला भोपळा कापतात, दांडी बसवतात, कोरतात, रंगवतात, आणि शेवटी जवारी लावतात. तारा ज्यावरून जातात त्या घोडीचा माथा कानसेने इतका हलका घासायचा की तार छेडल्यावर तो गुंजणारा, लांबत जाणारा सूर यावा. हे काम कारागीर कानाने करतो, डोळ्याने नाही. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला आता भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. मानांकनाचा कागद काही पाहुण्याला दिसत नाही, जवारी लावताना पाहून मात्र पाहुणा गप्प बसतो.

तासगावला गणपतीचं देऊळ. पेशव्यांचे सरदार परशुरामभाऊ पटवर्धनांनी बांधलेलं, आणि दारात दक्षिणेतल्या देवळांसारखं सात मजली गोपुर. महाराष्ट्रात असं गोपुर पाहायची सवय नसते, म्हणून पाहुणा पहिल्यांदा चक्रावतो. भाऊंच्या दक्षिणेतल्या मोहिमा आठवल्या की कोडं सुटतं. ऋषिपंचमीला इथला रथ माणसं दोराने ओढतात, पण तेव्हा द्राक्षं नसतात. दोन्ही एका दिवशी जमणार नाही.

सांगली शहरही वगळू नका. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ इथेच, चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने उभं केलं. कुंडलला प्रतिसरकारचा, म्हणजे इंग्रजांविरुद्ध उभ्या केलेल्या समांतर सरकारचा इतिहास आहे, क्रांतिसिंह नाना पाटील आणि जी. डी. बापू लाड यांचा. तिथे पाहायला थोडं, ऐकायला पुष्कळ. शेजारी किर्लोस्करवाडी. औंधच्या राजांनी दिलेल्या माळावर १९१० साली नांगराचा कारखाना उभा राहिला. औंधचं संग्रहालय याच दिवसात कोंबायचा मोह होतो, तो आवरा. राजा रविवर्म्याची चित्रं आणि हेन्री मूरचं शिल्प पळत पळत पाहायच्या गोष्टी नाहीत.

आणि बेदाणा. सांगलीच्या फेरीचं खरं मोल इथे आहे. फेब्रुवारीनंतर शेडं सुरू होतात. घड तोडून आणायचे, पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या पाण्यात बुडवून काढायचे, म्हणजे सालीवरचं मेण सैल होऊन पाणी लवकर उडतं, मग जाळीच्या रॅकवर पसरायचे. दोन आठवड्यांच्या आत-बाहेर बेदाणा तयार. हवा कोरडी हवी म्हणून मिरज–पंढरपूर रस्त्यावर नागज–जुनोनीकडे शेडांची रांग लागते. पुढे प्रतवारी होते आणि तासगाव, सांगलीच्या मार्केटला सौदे निघतात. तासगावजवळ बोरगावच्या वसंतराव आर्वे यांनी शोधलेली ‘तास-ए-गणेश’ ही जात इथलीच. वाइनरीत तुम्हाला तयार झालेली गोष्ट सांगतात. बेदाण्याच्या शेडवर अवकाळीचा एक ढग आला की माणसांची धांदल कशी उडते ते समोर दिसतं.

आता गाइड. फलटणच्या रस्त्यावर वाइनरीच्या आत माहिती देणारा माणूस त्यांचाच असतो. तुमचा गाइड तिथे बाहेर उभा राहून चहा पितो. फलटणला तासाभरापुरता गावातला जाणकार मिळाला तर उत्तम, पण पूर्ण दिवसाच्या गाइडचे पैसे देणं मला पटत नाही. तिथे खरी गरज ड्रायव्हरची आहे. चाखून झाल्यावर आदर्कीच्या घाटात स्वतः गाडी चालवायचा विचारही करू नका, आणि ‘एकच घोट घेतलाय’ म्हणणाऱ्या मेहुण्याच्या हातात किल्ली देऊ नका.

सांगलीकडे उलट. मिरजेतला कारागीर काम थांबवून कोणाही अनोळख्याला भोपळा उघडून दाखवेलच असं नाही. बागायतदार तर छाटणीपासून तोडणीपर्यंत बागेत परक्या माणसाला सोडायला कचरतो, आणि त्याचं बरोबर आहे: मण्यांवरची मेणासारखी लव हाताळली की माल उतरतो, आणि फवारणी झाली असेल तर पाहुण्याने तोडून तोंडात टाकलेलं द्राक्ष त्यालाच भोवतं. इथे माणूस लागतो तो ओळखीचा. ज्याला बागायतदार ‘या की, बसा’ म्हणेल, सौद्याच्या दिवशी मार्केटमध्ये ज्याला कोणी अडवणार नाही असा. अशा सहली जाहिरातीत सापडत नाहीत. तासगाव-पलूसकडचा मित्र, कॉलेजातला इतिहासाचा मास्तर, द्राक्षाच्या औषधांचा दुकानदार यांच्यापैकी कोणी दिवसभर सोबत आला तर त्याच्या वेळेचे पैसे मोकळ्या हाताने द्या. पॅकेजवाल्याच्या एसी गाडीपेक्षा तो महाग पडला तरी द्या. ज्या रस्त्यावर गाइड सहज विकत मिळतो तिथे त्याची गरज कमी, आणि ज्या रस्त्यावर त्याच्याशिवाय दार उघडत नाही तिथे तो कोणी विकत नाही; गंमत आहे खरी.

हंगाम दोन्हींकडे सारखा, जानेवारीच्या मध्यापासून मार्चपर्यंत. एप्रिलमध्ये खरड छाटणी झाली की बागेत नुसते ओलांडे, म्हणजे वेलीच्या आडव्या फांद्या, आणि काड्या. पावसाळ्यात पाला हिरवागार असतो पण घड नसतात, आणि ऑक्टोबरच्या छाटणीनंतर परत उघडी बाग. वाइनरी बारमाही पाहता येते, कारण टाक्या आणि पेले तिथेच असतात. सांगलीची फेरी हंगाम सोडून केली तर अर्धी उरते. कोणी कास पठाराची फुलं आणि द्राक्षांचे घड एकाच सहलीत दाखवतो म्हणाला, तर त्याला महिना विचारा. फुलं ऑगस्टच्या शेवटापासून, घड जानेवारीनंतर.

सोबत कोण आहे त्यावरही ठरतं. चार मित्र, कोणी लहान मूल नाही, दिवसभर गाडीत बसायची तयारी: फलटण. आईवडील, मुलं, एखादा गाण्यातला पाहुणा, दुपारी घरचं जेवण आणि जाताना भडंगाची पुडी: सांगली. दोघांनाच जायचं असेल तर मी तरीही सांगली म्हणेन, आणि वाइनसाठी एखाद्या शनिवारी मुक्कामाच्या तयारीने वेगळं जावं. चाखून परत शंभरावर किलोमीटर गाडीत डुलक्या काढायच्या, यात त्या वाइनचाही अपमानच आहे.

पैसे देण्याआधी पॅकेजवाल्याला एवढं विचारा: चाखण्याचं शुल्क धरलं आहे का, वाइनरीची वेळ नोंदवून ठेवली आहे का, आणि फलटणला गाडी किती वेळ थांबणार. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर ‘वीस मिनिटं’ असेल तर त्या सहलीतला इतिहास नावापुरता आहे. तारीख ठरवताना २६ जानेवारी टाळा. सुट्टी असते, हंगाम असतो, हवाही छान असते, पण त्या दिवशी ड्राय डे असतो. निवडणुकीच्या दिवसांचंही तेच. सांगलीच्या फेरीला ती अडचण नाही. तिथे फक्त आदल्या रात्री बागायतदाराला फोन करून फवारणी आहे का ते विचारायचं.