अंधेरीतलं कॅमेरा भाड्याने देणारं दुकान, डॉक्युमेंट्रीवाल्यांनी नक्की जा

अंधेरी वेस्टला गॅरेजच्या वरच्या मजल्यावर आहे, बोर्ड अगदी छोटा, त्यामुळे नीट बघत जा.

मी तळियेवर डॉक्युमेंट्री करतोय. महाड तालुक्यातलं तेच तळिये, २२ जुलै २०२१ ला दरड कोसळली नि ८० च्या वर माणसं गेली. लोक कंटेनरमध्ये राहत होते तेव्हापासून जातोय, म्हाडाच्या नव्या घरांत गेले तरी जातोयच. या कामात शूटिंग कमी, बसणं जास्त. चार दिवस गेलो तर दोन दिवस कॅमेरा बॅगेतच, कुणाची भाताची लावणी चालू, कुणाला बोलायचंच नाहीये, आणि डोक्यात रोजच्या भाड्याचं मीटर पळत असलं की माणूस घाई करतो नि नको तो प्रश्न नको त्या वेळी विचारून बसतो. आधी जिथून घ्यायचो तिथे एकदा सावित्रीला पाणी चढलं म्हणून महाडलाच अडकलो, तर दिवसाचं भाडं वर दंडपण लावला. इथे आठवड्याला चार दिवसांचंच भाडं घेतात, आणि न्यायचा-आणायचा दिवस धरत नाहीत.

मालक काकांनी आधी विचारलं, घरात शूट आहे की बाहेर. मी लाइट मागितला होता, म्हणाले नका नेऊ, एवढ्याशा खोलीत लाइट लावला की समोरचं माणूस गप्प होतं. छोटा मिररलेस कॅमेरा, ३५ एमएमची लेन्स, कॉलर माइक आणि ३२ बिट फ्लोटवाला रेकॉर्डर दिला, म्हणजे अगदी हळू नि एकदम मोठा, दोन्ही आवाज नीट पकडणारा. खरी कमाल त्या रेकॉर्डरचीच. कंटेनरमध्ये एक आजी तांदूळ निवडत बसल्या होत्या, वर पत्र्यावर पाऊस नुसता ताडताड, सुनेबद्दल इतकं हळू बोलत होत्या की मला समोर बसून नीट ऐकू येत नव्हतं, आणि मधेच एकदम हुंदका फुटला. साध्या रेकॉर्डरवर आवाजाची लेव्हल वाढवून ठेवली असती तर तिथे आवाज फाटला असता, कमी ठेवली असती तर आधीचं सगळं गेलं असतं. यात लेव्हलला हातच लावायचा नाही, एडिटला दोन्ही नीट वर आलं. त्या वेळी मला बटणाकडे बघावं लागलं नाही, आजींकडेच बघत होतो, माझ्यासाठी हे फार मोठं आहे.

कॅमेऱ्यासोबत दिलेल्या चार बॅटऱ्यांतली एक वीस मिनिटांत बसली. फोन केला तर तिचं भाडं लगेच कापलं, पण तरी सगळं दुकानातच लावून बघून घ्या. कोकणात पावसात जाणार असाल तर सिलिका जेलच्या पुड्या मागून घ्या, फुकट देतात, लेन्सला बुरशी धरायला वेळ लागत नाही. आधार कार्डची कॉपी लागते. रविवारी बंद.

येत्या जुलैसाठी मी आत्ताच सांगून ठेवलंय, २२ तारखेला मला तिथे असायचंच आहे. तो रेकॉर्डर त्यांच्याकडे एकच आहे, तुम्हाला हवा असेल तर आधी फोन करून जा.