पोस्टमनचा महाल, ओतरीव: दुपार हातात ठेवून जा

मुलगी लियाँला असते. या खेपेला गेलो तेव्हा ती म्हणाली, "बाबा, पॅरिस राहू दे. आधी तुम्हाला एका पोस्टमनकडे नेते." मी पाटण तालुक्यात बत्तीस वर्षं टपाल वाटलं, त्यातली पहिली अकरा पायी. तेव्हा 'पाले इदेआल' म्हणजे त्या पोस्टमनने बांधलेल्या 'आदर्श महाला'बद्दलचं हे लिहिणं एका पोस्टमनने दुसऱ्याच्या कामाबद्दल लिहिलेलं आहे.

ओतरीव हे फ्रान्सच्या द्रोम जिल्ह्यातलं लहानसं गाव. लियाँहून गाडीने सव्वा-दीड तास लागला. तिकीट मुलीने आदल्या रात्रीच ऑनलाइन काढलं होतं.

फेर्दिनां शव्हाल हा इथला ग्रामीण पोस्टमन. रोजची पायी फेरी ३२ किलोमीटरच्या आसपास. एवढं चालणाऱ्याच्या मनात काय काय उभं राहतं ते मला माहीत आहे. मी बीटवर चालता चालता बहिणीचं लग्न लावलं, विहीर खणली, वरच्या आळीत घर बांधलं. शव्हालने महाल बांधला, गुहा बांधल्या, मनोरे बांधले. लोक हसतील म्हणून कुणाला सांगितलं नाही. पंधरा वर्षांत ते सगळं विसरत आलं होतं. मग १८७९ मध्ये, वयाच्या ४३व्या वर्षी, वाटेत एका दगडाला ठेच लागली. त्याचा आकार इतका निराळा की त्याने तो घरी आणला आणि दुसऱ्या दिवशी त्याच जागी आणखी शोधले. आधी खिशातून, मग टोपलीतून, मग एकचाकी ढकलगाडीतून दगड येत राहिले. चुना, सिमेंट आणि लोखंडी तारा वापरून त्याने ते रात्री दिव्याच्या उजेडात जोडले. गवंडीकाम तो शिकलेला नव्हता. १९१२ मध्ये काम संपलं.

महाल साधारण २६ मीटर लांब, उंची दहाएक मीटर. आकडे ऐकून मला तो मोठा वाटला नव्हता. पण पूर्वेच्या बाजूला उभा राहिलो आणि नजर कुठे ठेवावी कळेना. सीझर, त्याच्याशी लढलेला गॉल सरदार व्हर्सिंजेटोरिक्स आणि आर्किमिडीज असे तीन उंच राक्षसी पुतळे खांद्याला खांदा लावून उभे आहेत. मी भिंतीच्या अगदी जवळ गेलो. नदीतले गोटे, शिंपले, शंख, सच्छिद्र दगड, आणि मध्ये भरलेला चुना-सिमेंटचा गिलावा. एके ठिकाणी एक शिंपला उपडा बसवलाय, त्याच्या कडेने मसाला बोटाने दाबून घेतल्यासारखा दिसतो. त्या एका वीतभर जागेपाशी मी बराच वेळ उभा होतो.

पश्चिमेच्या भिंतीत मशीद, स्विस पद्धतीचं लाकडी घर, मध्ययुगीन किल्ला आणि चक्क एक हिंदू देऊळ आहे. आपल्या हेमाडपंती देवळांशी त्याचं नातं लागत नाही, आणि लागावं तरी कसं? हा माणूस त्यांतल्या कुठल्याच देशाला गेला नव्हता. त्याने वाटलेली पोस्टकार्डं आणि सचित्र मासिकं पाहिली, तेवढंच. टपाल वाटणाऱ्याच्या हातातून सगळं जग जातं, पण ते दुसऱ्याच्या नावावरचं असतं. पोस्टकार्डावरचं चित्र दाराशी पोचेपर्यंत आपलं, मग त्या घरचं. शव्हालने ती चित्रं ठेवून घेतली, दगडात. हे देऊळ बघताना माझे डोळे भरून आले.

आत मात्र अगदी निराळं वाटतं. खाली लांब बोळ आहे, अंधूक, गार. छतावर, भिंतींवर प्राणी आणि मजकूर कोरलाय. तिथे आपण त्याच्या चालण्यातल्या विचारात शिरल्यासारखं होतं. अरुंद जिन्याने वर आलं की एकदम गच्ची, उजेड, आणि पुन्हा वेगळी रचना, पुढे मनोरा. एका स्वप्नातून दुसऱ्यात जागं व्हावं तसं. ठेच लागलेला तो पहिला दगडही तिथे वरच ठेवलाय.

जिना गुडघे दुखणाऱ्यांना जड जाईल. पायऱ्या सारख्या नाहीत, वळणं आखूड. आमची ही वर आली नाही. ती खाली ढकलगाडीच्या कोनाड्यापाशी थांबली. तिथे कोरलेला मजकूर गाडीच्या तोंडचा आहे: मी या कष्टकऱ्याची इमानी सोबतीण, असं ती सांगते. मुलीने मराठीत सांगितलं तेव्हा ही म्हणाली, "तुमच्या सायकलला कुणी असं बोलू दिलं नाही." सगळा मजकूर फ्रेंच आहे, त्यामुळे भाषा येणारं कुणी बरोबर असेल तर त्याला सोडू नका.

सगळ्यात जास्त वेळ मी एका ओळीपाशी काढला: १०,००० दिवस, ९३,००० तास, ३३ वर्षं. हिशेब केला. दिवसाला नऊ तासांच्या वर पडतात, आणि १८९६ ला निवृत्त होईपर्यंत ते टपाल वाटून झाल्यावरचे. हे वाचल्यावर मी पुन्हा एक फेरी मारली. तुम्हीही तसंच करा. आधी बाहेरून पूर्ण प्रदक्षिणा, मग आत, मग वर, आणि हिशेब कळल्यावर पुन्हा बाहेर. गर्दी पहिल्या फेरीत फोटो काढून निघून जाते.

१९६९ मध्ये सांस्कृतिक मंत्री आंद्रे मालरो यांनी याला संरक्षित वास्तूचा दर्जा दिला. फ्रान्सच्या टपालाने या महालाचं तिकीटही काढलं, ही मला मोठी गोष्ट वाटते.

निघताना गावच्या स्मशानभूमीत जाऊन या. महालातच पुरावं अशी त्याची इच्छा होती, परवानगी मिळाली नाही. म्हणून वयाची पंचाहत्तरी उलटल्यावर त्याने पुन्हा दगड आणायला सुरुवात केली आणि आठ वर्षांत स्वतःचं थडगं बांधलं. १९२२ मध्ये ते पुरं झालं, १९२४ मध्ये तो गेला. आम्ही पोचलो तेव्हा तिथे कुणी नव्हतं. मी चपला काढून उभा राहिलो.