‘ब्लू व्हांडा’च्या नावाखाली ९,८३० रुपयांचा गंडा

आधी थोडी रक्कम, मग एखादी अडचण, मग ती सोडवण्यासाठी आणखी रक्कम, ही चाल आता सर्वांच्या परिचयाची आहे आणि ती माझ्याही परिचयाची होती. तरीही लिहितो आहे, कारण ब्लू व्हांडा या निळ्या फुलांच्या ऑर्किडच्या बाबतीत ठगाला कायद्याचाच आडोसा मिळतो.

दोन रोपांचे प्रत्येकी २,२५० प्रमाणे ४,५०० रुपये आणि कुरिअरचे ३८० रुपये मी आगाऊ भरले. नंतर ‘वाहतूक परवान्या’साठी १,७५० रुपये मागण्यात आले, आणि ते जमा होताच ‘माल तपासणी नाक्यावर अडला आहे, ३,२०० रुपये अनामत भरा, ती परत मिळेल’ असा निरोप आला. अनामत अर्थातच परत आली नाही. अडकलेले पैसे सोडवण्यासाठी नवे पैसे मागितले गेले की तेथेच थांबा.

मला सावध करणारे वाक्य तर पहिला रुपया देण्यापूर्वीच विक्रेत्याने स्वतः उच्चारले होते: ‘आमच्याकडे सरकारी परवाना आहे आणि माल थेट खासी टेकड्यांतल्या जंगलातून काढलेला असतो.’ वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ मध्ये १९९१ च्या दुरुस्तीने ज्या मोजक्या वनस्पतींना संरक्षण मिळाले, त्यांत ब्लू व्हांडा आहे. परवाना मिळतो तो लागवड केलेल्या रोपांच्या विक्रीचा. जंगलातून उपटून विकण्याचा परवाना कोणत्याही व्यापाऱ्याला मिळत नाही. म्हणजे त्याच्या वाक्याचा उत्तरार्ध पूर्वार्धाला खोटे पाडत होता, आणि मी मात्र ‘थेट जंगलातून’ हे शब्द ऐकून हरखलो. मेघालयातील याच टेकड्यांतून १८५० मध्ये ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञ जोसेफ हूकर यांनी लंडनच्या क्यू वनस्पती उद्यानासाठी सात माणसांच्या ओझ्याएवढी ही रोपे गोळा केली होती आणि त्यांतील फारच थोडी इंग्लंडला जिवंत पोहोचली. अशाच ओरबाडण्याने हे ऑर्किड दुर्मीळ होत गेले, हे मी वाचलेले होते. पण समोर राजमुद्रा, क्रमांक, सही आणि शिक्का असलेली परवान्याची पीडीएफ आल्यावर सामान्य माणसाने आणखी काय तपासायचे? (तो क्रमांक त्या राज्याच्या वन विभागाकडे पडताळून घ्यायचा, आणि तोही पैसे देण्यापूर्वी.)

जाहिरातीच्या छायाचित्रातील फूल शाईसारखे गडद निळे होते. खऱ्या फुलाचा निळा रंग जांभळटपणाकडे झुकतो आणि पाकळ्यांवर गडद रेषांची जाळी असते. त्याच विक्रेत्याने बियांचे पाकीट ६५० रुपयांना देऊ केले होते, तेवढे मात्र मी घेतले नाही. ऑर्किडचे बी धुळीसारखे बारीक असते, त्यात अन्नसाठा नसतो आणि निसर्गात विशिष्ट बुरशीच्या साथीशिवाय ते रुजत नाही, तेव्हा कुंडीत पेरण्यासाठी ते विकणारा माणूस खोटाच समजावा.

ब्लू व्हांडा साधारणपणे शरद ऋतूत फुलतो. मला मिळालेले रोप उन्हाळ्यात फुलले आणि त्यावर पिवळट तपकिरी, चौकटींची फुले आली: आपल्याकडे आंब्याच्या झाडावर सहज दिसणारी रास्ना! पानांवरून ओळखता आले असते, असे जाणकार आता सांगतात. फूल नसलेले रोप पाहून घरगुती हौशी माणसाला ते जमेल, असे मला मुळीच वाटत नाही.

पोलीस ठाण्यात ‘झाड तर मिळाले ना?’ असे विचारून मला बाकावर बसवून ठेवण्यात आले. बँकेचे उत्तर होते की, पैसे तुम्ही स्वतःच पाठवले आहेत. वन कार्यालयातील साहेबांनी अर्ज वाचून, विनापरवाना विक्रेत्याकडून संरक्षित वनस्पती घेतल्याचे तुम्हीच लेखी देत आहात, चौकशी तुमचीही होईल, असे बजावले. रोप प्रत्यक्षात रास्नेचे आहे, असे सांगताच ते म्हणाले, ‘मग हा आमचा विषयच नाही, पोलिसांकडे जा.’ म्हणजे रोप खरे असते तर मी आरोपी, आणि ते खोटे निघाले म्हणून माझी दाद घेणारे कोणी नाही! विक्रेत्याला हे पुरते ठाऊक होते, कारण पैसे परत मागितल्यावर त्याने ‘तक्रार करा, आधी तुम्हालाच धरतील’ असे निर्लज्जपणे लिहून कळवले होते.

पैसे गेल्याचे लक्षात येताच १९३० या सायबर हेल्पलाइनवर कळवा. अनामतीची वाट पाहत बसू नका. पार्सल उघडताना चित्रीकरण करा, विक्रेत्याचे संदेश पुसू नका. माझ्या विक्रेत्याची जाहिरात अजून चालू आहे: नाव बदलले आहे, छायाचित्र तेच आहे, आणि रोपाचा भाव आता २,६०० रुपये झाला आहे.